जळगाव कोर्ट ते एदलाबाद : प्रतिभा पाटील यांची विधानसभेतली २३ वर्षे

(दृश्य : जळगाव, जिल्हा न्यायालयाचे आवार. काळे कोट, पिशव्यांत कागद घेऊन बसलेले पक्षकार.)

दिवाणी दाव्यात प्रतिवादीची कैफियत लिहायची म्हणजे वादीचे एकेक विधान वेगळे घ्यायचे आणि त्याला नेमके उत्तर द्यायचे. खरे आहे, खरे नाही, अंशतः खरे आहे. सगळ्याला मिळून मोघम ‘कबूल नाही’ लिहिले की भागत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आठव्या ऑर्डरचा पाचवा नियमच तसा आहे : जे स्पष्ट नाकारले नाही, ते कबूल धरता येते. एक परिच्छेद नजरेतून निसटला, की समोरचा वकील त्याच्यावरच बोट ठेवतो.

प्रतिभा नारायणराव पाटील जळगावच्या याच जिल्हा कोर्टात वकिली करायच्या. जन्म १९ डिसेंबर १९३४, बोदवडजवळच्या नाडगावचा. एम. ए. जळगावच्या मूळजी जेठा कॉलेजातून, वकिलीची पदवी मुंबईच्या गव्हर्न्मेंट लॉ कॉलेजातून. कॉलेजात टेबल टेनिसही गाजवलेले. वकिली मात्र थोड्याच काळाची ठरली.

(दृश्य : जुनी मतपेटी, शिक्का, शाईची गादी.)

१९६२. महाराष्ट्र राज्य झाल्यानंतरची पहिली विधानसभा निवडणूक. जळगाव मतदारसंघातून काँग्रेसची उमेदवारी मिळाली तेव्हा त्यांचे वय २७. घटनेप्रमाणे किमान वय २५, म्हणजे उंबरठा ओलांडून दोनच वर्षे झालेली. मतदानाची पद्धतही नवी होती. आधीच्या निवडणुकांत प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळी असे. आता सगळी चिन्हे एकाच मतपत्रिकेवर आणि मतदाराच्या हातात शिक्का. त्यात लोकसभा नि विधानसभा बरोबरच, म्हणजे कागद दोन. शिक्का दोन चिन्हांमधल्या रेघेवर पडला आणि मत कोणाला ते कळेना, की मतपत्रिका बाद. म्हणून सभेपेक्षा नमुना मतपत्रिका हातात घेऊन घरोघर समजावणे जास्त मोलाचे. काँग्रेसचे चिन्ह होते बैलजोडी. पोळ्याच्या मुलखात त्याची कोणाला ओळख करून द्यावी लागत नव्हती.

त्या निवडून आल्या. १९६७ ला मात्र जळगाव सोडून एदलाबादेतून उभ्या राहिल्या. पूर्णेकाठचा हा भाग, कोथळीच्या मुक्ताबाईच्या वारीचा. १९६७, १९७२, १९७८, १९८० : चारही वेळा एदलाबादने त्यांनाच निवडले. दरम्यान पक्षाचे चिन्ह बैलजोडीवरून गाय-वासरू झाले, १९८० ला हाताचा पंजा आला. मतदारसंघ तोच राहिला.

(दृश्य : विधानसभेची प्रश्नोत्तरांची छापील यादी, जवळून.)

१९६७ ते १९७२ त्या उपमंत्री होत्या. सार्वजनिक आरोग्य, दारूबंदी, पर्यटन, गृहनिर्माण, संसदीय कार्य, एवढी खाती एकत्र. ऐकायला भारी, पण उपमंत्री मंत्रिमंडळाच्या बैठकीत सहसा बसत नाही, आणि मंत्री जेवढे अधिकार वाटून देईल तेवढीच त्याची सही चालते. खरी कसोटी सभागृहात, प्रश्नोत्तराच्या तासाला.

तारांकित प्रश्नाचा, म्हणजे ज्याचे उत्तर सभागृहात तोंडी द्यावे लागते त्या प्रश्नाचा, साचा ठरलेला असतो. ‘(१) अमुक गावच्या आरोग्य केंद्रात औषधे नाहीत, हे खरे आहे काय, (२) असल्यास, चौकशी केली आहे काय, (३) नसल्यास, विलंबाची कारणे काय?’ उत्तरही तितकेच ठरलेले : ‘(१) हे खरे नाही. (२) व (३) प्रश्न उद्भवत नाही.’ ही कैफियतच, फक्त कोर्ट बदललेले.

फसगत होते ती पुढे, उपप्रश्नाला. छापील उत्तर जिल्ह्यातून आलेल्या माहितीवर खात्यात तयार होते आणि सभागृहात पोचेपर्यंत ती माहिती शिळी झालेली असते. विचारणारा आमदार मात्र कालच गावातून आलेला. म्हणून खात्याने दिलेली टिपणी नुसती वाचून भागत नाही. त्यातले कोणते वाक्य उलटतपासणीत टिकणार नाही, ते आत जाण्यापूर्वीच हेरावे लागते. वकिलाला हे वेगळे शिकवावे लागत नाही.

(दृश्य : मंत्रालय. पडद्यावर खात्यांची यादी सरकते.)

पुढची खाती वाचताना शेजारी मुख्यमंत्र्यांची यादी ठेवावी. वसंतराव नाईकांच्या मंत्रिमंडळात १९७२ पासून समाजकल्याण, १९७४ ला त्यात आरोग्याची भर. १९७५ ला शंकरराव चव्हाण आले : दारूबंदी, पुनर्वसन, सांस्कृतिक कार्य. १९७७ ला वसंतदादा : शिक्षण. खुर्चीवरचा माणूस बदलला, की यांच्या दारावरची पाटी बदलली. पण दार बंद झाले नाही.

ते बंद झाले जुलै १९७८ मध्ये. शरद पवारांनी वसंतदादांचे सरकार पाडून पुलोद, म्हणजे पुरोगामी लोकशाही दल ही आघाडी, उभी केली. प्रतिभा पाटील इंदिरा गांधींच्या बाजूला राहिल्या आणि जुलै १९७९ मध्ये विधानसभेत विरोधी पक्षनेत्या झाल्या. अकरा वर्षे उत्तरे दिलेल्या बाईंनी आता प्रश्न विचारायचे. विरोधी पक्षनेत्याच्या वेतन-भत्त्यांचा राज्याचा कायदा १९७८ चा, म्हणजे अजून नवाच होता. फेब्रुवारी १९८० मध्ये पुलोद सरकार बरखास्त झाले आणि हे पदही गेले. पुढे अंतुल्यांच्या काळात खाते नाही. बाबासाहेब भोसल्यांकडे १९८२ ला नगरविकास व गृहनिर्माण, वसंतदादा परतल्यावर नागरी पुरवठा आणि समाजकल्याण.

सगळेच काही सरळ गेले नाही. १९७३ मध्ये त्यांनी जळगावात काढलेल्या प्रतिभा महिला सहकारी बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने २००३ मध्ये रद्द केला. २००७ च्या राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीत विरोधकांनी नेमके हेच कागद बाहेर काढले. त्यांच्या बाजूने आरोप नाकारले गेले, आणि निवडणूक त्यांनीच जिंकली.

(दृश्य : मुक्ताईनगर, बसस्थानकावरची पाटी.)

१९८५ ला त्या राज्यसभेवर गेल्या, पुढच्या वर्षी तिथे उपसभापती झाल्या. एदलाबादेतून १९९० पासून भाजपचे एकनाथ खडसे निवडून येऊ लागले. मतदारसंघांच्या पुनर्रचनेनंतर, २००९ च्या मतपत्रिकेवर एदलाबाद हे नाव उरले नाही. तिथे आता मुक्ताईनगर असे छापलेले होते.