मालिकांच्या लेखनातून मुलांच्या गोष्टीकडे

नमस्कार श्रोतेहो.

आज मी तुम्हाला फ्रँक कॉट्रेल-बॉइस या लेखकाबद्दल सांगणार आहे. इंग्लंडमधल्या लिव्हरपूलला लागून बूटल नावाची बंदराजवळची वस्ती आहे, तिथे 1959 साली त्यांचा जन्म झाला. ऑक्सफर्डला इंग्रजी साहित्य शिकले आणि पुढे टीव्ही मालिका लिहू लागले. आधी 'ब्रुकसाइड', मग 'कोरोनेशन स्ट्रीट'. त्यानंतर चित्रपटांच्या पटकथा. मुलांसाठी पहिली कादंबरी लिहिली तेव्हा चाळिशी उलटून गेली होती.

मालिका लिहिणं हे पोटापाण्याचं काम आणि कादंबरी म्हणजे खरं साहित्य, असं आपल्याकडेही सर्रास बोललं जातं. मला ते पटत नाही. 'ब्रुकसाइड' ही मालिका 1982 मध्ये चॅनल फोरवर सुरू झाली. निर्मात्यांनी तिच्यासाठी लिव्हरपूलमधल्या एका गल्लीतली खरीखुरी घरं विकत घेतली आणि तिथेच चित्रीकरण केलं. नोकरी जाणं, संप, नवरा-बायकोची भांडणं, सगळं त्या लहानशा खोल्यांमध्ये घडायचं. तिथे हात बसलेल्या लेखकाला साध्या घरात गोष्ट सापडते, आणि ती पुढच्या भागापर्यंत ताणून कशी धरायची हेही कळतं. कॉट्रेल-बॉइस यांच्या मुलांच्या पुस्तकांत मला हे दोन्ही दिसतं.

त्यांची पहिली कादंबरी 'मिलियन्स'. खरं तर ती आधी पटकथा होती. दिग्दर्शक डॅनी बॉइल यांनी चित्रपटाचं काम चालू असतानाच सुचवलं, की याची कादंबरी लिही. गोष्ट अशी: डेमियन आणि अँथनी हे दोघे भाऊ, आई वारलेली. धाकट्या डेमियनला संतांच्या कथा तोंडपाठ. रेल्वेच्या रुळांजवळ त्यानं खोक्यांचं एक खोपटं केलंय, आणि एके दिवशी त्यावर नोटांनी भरलेली बॅग येऊन आदळते. डेमियनला वाटतं, देवानंच पाठवली, गरिबांना वाटून टाकू. अँथनी पक्का व्यवहारी, त्याला घरं विकत घ्यायची आहेत. पण कथेतलं ब्रिटन पौंड सोडून युरो स्वीकारणार आहे, तारीखही ठरली आहे. त्या दिवसानंतर त्या नोटा म्हणजे नुसता कागद.

प्रत्यक्षात ब्रिटननं युरो कधी घेतला नाही. पण 8 नोव्हेंबर 2016 ची रात्र आणि त्यानंतरच्या बँकांसमोरच्या रांगा आठवणाऱ्या आपल्याला हा पेच वेगळा समजवायला नको. त्या एका तारखेनं लेखकानं काय साधलंय पाहा. पैसा साठवून ठेवायची सोयच उरली नाही. आता तो कशासाठी हवा, हे दोघा पोरांना ठरवावंच लागतं. दान करणंही किती अवघड असतं, हे डेमियनला तेव्हा उमगतं. या पुस्तकाला 2004 सालचं कार्नेगी पदक मिळालं. ब्रिटनमधल्या बालसाहित्यात याहून मोठा मान क्वचितच असेल.

पुढे बरीच पुस्तकं आली. 'फ्रेम्ड'चं बीज एका खऱ्या घटनेत आहे: दुसऱ्या महायुद्धात लंडनच्या नॅशनल गॅलरीतली चित्रं वेल्समधल्या मॅनॉड इथल्या पाटीच्या दगडाच्या खाणीत लपवली होती. त्या पुस्तकावर बीबीसीसाठी त्यांनी स्वतःच पटकथा लिहिली.

मला मात्र सगळ्यात जवळचं वाटतं ते 2011 चं 'द अनफरगॉटन कोट' हे छोटंसं पुस्तक. बूटलच्या शाळेत, सहावीच्या वर्गात, मंगोलियाहून आलेले दोन भाऊ दाखल होतात, चिंगीस आणि नेरगुई. अंगात मोठाले लोकरी कोट. धाकट्याच्या डोक्यावर टोपी, आणि ती काढायची नाही, कारण म्हणे तो गरुड आहे, टोपी काढली तर बिथरेल. ज्युली नावाच्या मुलीला चिंगीस आपली वाटाड्या नेमतो. तो तिला मंगोलियाचे पोलरॉइड फोटो दाखवतो. ते फोटो पुस्तकात छापलेलेही आहेत, आणि वाचणाराही ज्युलीइतकाच भारावून जातो. नंतर कळतं, की ते सगळे आसपासच्याच जागांचे आहेत. पोरांनी परक्या गावात आपला देश शोधून काढला होता. आणि नेरगुईला गाठायला जो राक्षस येणार असतो, माणसं गायब करणारा, तो खरंच येतो. एके दिवशी ती मुलं शाळेत दिसत नाहीत. सरकारनं त्या कुटुंबाला देशाबाहेर धाडलेलं असतं.

बूटलच्याच एका शाळेत लेखक वाचन करायला गेले होते, तिथली एक मंगोलियन मुलगी अशीच एकाएकी पाठवली गेली. पुस्तक त्यातून आलं. पण त्यात कुठे भाषण नाही, आक्रोश नाही. 'द रीडर' या लिव्हरपूलच्या संस्थेनं त्याच्या हजारो प्रती फुकट वाटल्या, आणि 2012 मध्ये त्याला 'गार्डियन' या वृत्तपत्राचा बालसाहित्य पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षी, 27 जुलैला, लंडन ऑलिंपिकचा उद्घाटन सोहळा झाला. दिग्दर्शन डॅनी बॉइल यांचं, लेखन कॉट्रेल-बॉइस यांचं. मैदानात रुग्णालयाच्या खाटांवर मुलं, भोवती नाचणाऱ्या परिचारिका, आणि मुलांच्या पुस्तकांतले खलनायक अंधारातून वर येतायत. जगभरच्या प्रेक्षकांपुढे एका देशाची ओळख करून द्यायची, आणि त्यात इतकी मोठी जागा बालसाहित्याला आणि सरकारी दवाखान्याला! मला आजही ते पाहताना भरून येतं.

2024 मध्ये ते ब्रिटनचे 'चिल्ड्रन्स लॉरिएट', म्हणजे बालसाहित्याचे मानाचे प्रतिनिधी झाले. दोन वर्षांचं हे मानाचं पद त्यांनी एका मोहिमेसाठी वापरायचं ठरवलं. तिचं नाव 'रीडिंग राइट्स', म्हणजे वाचनाचा हक्क. त्यांचं म्हणणं असं, की काही मुलांना अगदी तान्हेपणापासून कुणीतरी मांडीवर घेऊन वाचून दाखवतं आणि काहींच्या वाट्याला हे कधी येतच नाही. शाळेच्या पहिल्या दिवशीच त्यांच्यात अंतर पडलेलं असतं. म्हणून त्यांचा रोख शाळेच्या आधीच्या वर्षांवर आहे. पाळणाघरं, बाळांच्या तपासणीला घरी येणाऱ्या परिचारिका, वाचनालयं, या सगळ्यांनी मिळून आईबापांना मदत करावी, असा त्यांचा आग्रह. ज्यांना स्वतःलाच लहानपणी कुणी वाचून दाखवलं नाही, त्या आईबापांना आधी.