कुरडईच्या पाकिटावरचा नंबर

[दृश्य: सिडकोतली गच्ची, सकाळ]

चैत्राचं ऊन. नाशिकच्या सिडकोत एका गच्चीवर वाळवण सुरू आहे. मावशींचे हात बघा. सोऱ्या फिरतोय, गरम चीक सुती साडीवर उतरतोय, आणि धार कुठे तुटत नाही.

यामागे तीन दिवस गहू भिजलाय, रोज पाणी बदलून. मग वाटायचा, गाळायचा, चीक रात्रभर निवळू द्यायचा, सकाळी वरचं पाणी ओतून टाकायचं. उकळत्या पाण्यात मीठ-हिंग, आणि चीक सोडून हाटत राहायचं, दंड भरून येईपर्यंत. गुठळी झाली, की सगळं मुसळ केरात.

[दृश्य: मोबाइलवर अर्ज भरणारी मुलगी]

एवढा खटाटोप करणाऱ्या बाईला "घरगुतीला कसलं लायसन?" असं सांगणारे गल्लोगल्ली भेटतात. विकायचं म्हटलं, की घरचा ओटाही 2006च्या अन्न सुरक्षा कायद्यात येतो. पण याच कायद्याने लहान विक्रेत्याला वाट सोपी ठेवलीय, ते कुणी सांगत नाही. 2011च्या नियमावलीने तेव्हा वर्षाला 12 लाखांपर्यंतच्या उलाढालीला परवान्याऐवजी नुसती नोंदणी पुरेशी ठरवली. फी वर्षाला 100 रुपये. किलोभर कुरडई विकली, की सुटली.

अर्ज फॉसकॉसवर, म्हणजे अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या ऑनलाइन पोर्टलवर. फोटो, ओळखपत्र. सात दिवसांत मंजुरी, नाहीतर कारण देऊन नकार, नाहीतर तपासणीची नोटीस. तपासणीत बघतात काय? पाणी पिण्याजोगं आहे ना, भांडी स्वच्छ आहेत ना, कच्चं-शिजलेलं वेगळं ठेवता ना. आपल्या आज्यांचं सोवळं याहून कडक होतं!

[दृश्य: पाकीट, जवळून]

पाकिटावर काय हवं? पदार्थाचं नाव. घटक, जास्त वजनाचा आधी. निव्वळ वजन, केल्याची तारीख, कधीपर्यंत खावं, पत्ता. हिरव्या चौकटीत हिरवा ठिपका. आणि नोंदणीचा 14 आकडी नंबर. वजनकाटासुद्धा वैधमापनच्या, म्हणजे वजन-मापं तपासणाऱ्या खात्याच्या, शिक्क्याचा लागतो.

नोंदणी न करता विकलं तर कारवाई होऊ शकते. उलाढाल मर्यादेबाहेर गेली, की परवाना घ्यायचा.

[दृश्य: इंदिरानगर, किराणा दुकान]

दुकानदाराने पाकीट उलटं केलं, आधी नंबर बघितला, मग भाव विचारला.