तीस नोव्हेंबर ते वीस जानेवारी

(कोलंबस, ओहायो येथील संक्रांत मेळाव्यात २५ जानेवारी २०२५ रोजी केलेल्या भाषणाचा संपादित मजकूर)

मंडळी, नमस्कार.

तिळगूळ झाला, हळदीकुंकू झालं, आता पानं वाढेपर्यंतचा वेळ समितीने मला दिला आहे. विषय कळल्यावर एका काकूंनी विचारलं, "संक्रांतीला फुटबॉल?" काकू, परवाच्या सोमवारी, वीस जानेवारीला, रात्री आपल्या गल्लीत एकाही घरातला दिवा बारापर्यंत विझला नव्हता. आपल्या ओहायो स्टेट विद्यापीठाचा फुटबॉल संघ दहा वर्षांनी राष्ट्रीय विजेता झाला. त्याबद्दल आपल्या माणसांत बोलायचं नाही, तर कुठे बोलायचं?

मुलांकडे राहायला आलेले आई-बाबा आज बरेच दिसताहेत, म्हणून आधी हा अमेरिकन फुटबॉल थोडा सांगते. चेंडू ज्यांच्याकडे, त्यांना चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं. जमलं तर पुन्हा चार प्रयत्न, नाही तर बहुतेक वेळा चेंडू समोरच्यांकडे जातो. चेंडू फेकणारा क्वार्टरबॅक सगळ्यांच्या डोळ्यांत भरतो. पण त्याला फेकायला तीन सेकंद मिळावेत म्हणून पुढे पाच दणकट मुलं अंगावर धडका घेत उभी असतात. मधला सेंटर चेंडू मागे देतो तेवढाच, बाकीच्यांच्या हातात चेंडू जवळजवळ कधीच येत नाही. त्यांच्यातल्या एकाचं नाव डोनोव्हन जॅक्सन. मला आज मुख्यतः त्याच्याबद्दल बोलायचंय.

हा मुलगा मागच्या वर्षीच व्यावसायिक फुटबॉलकडे जाऊ शकला असता. जॅक सॉयर, एमेका एग्बुका, ट्रेव्हियन हेंडरसन यांचंही तेच. पण २०२१ साली एकत्र आलेल्या या मुलांनी आपल्या जुन्या प्रतिस्पर्ध्याला, मिशिगनला, एकदाही हरवलं नव्हतं. ते राहून गेलेलं पुरं करायला ती आणखी एक वर्ष थांबली. बाहेरून क्वार्टरबॅक विल हॉवर्ड आला, बचावासाठी केलेब डाउन्स आला, आणि शाळेतून नुकताच बाहेर पडलेला जेरेमाया स्मिथ आला. सुरुवात झाली अॅक्रनविरुद्ध, ५२-६ अशी.

१२ ऑक्टोबरला ऑरेगनकडून एका गुणाने हरलो, ३२-३१. त्याहून मोठं नुकसान म्हणजे जॉश सिमन्सचा गुडघा गेला. तो डावा टॅकल. उजव्या हाताने फेकणाऱ्या क्वार्टरबॅकची पाठ ज्या बाजूला असते, ती बाजू सांभाळणारा. पुढच्याच सामन्यात नेब्रास्काविरुद्ध त्याच्या जागी आलेल्या मुलालाही दुखापत झाली. मग प्रशिक्षकांनी जॅक्सनला सरकवलं. तो गार्ड. गार्डच्या दोन्ही हातांना आपली माणसं असतात. टॅकल कडेला, त्याच्या बाहेर कोणी नाही, आणि समोरून येतात ते संघातले सगळ्यात चपळ. पावलं वेगळी, अंतराचा अंदाज वेगळा. कॉलेजात वर्षानुवर्षं ज्या जागेवर खेळला ती सोडून, जेमतेम आठवडाभराच्या सरावावर त्याला पेन स्टेटच्या मैदानात उभं केलं. एक लाख दहा हजारांहून जास्त लोक ओरडत होते आणि समोर त्यांचा तुफानी बचावपटू अब्दुल कार्टर होता.

तो सामना आपण २०-१३ जिंकला. पेन स्टेटला शेवटच्या तीन यार्डांसाठी चार प्रयत्न मिळाले आणि चारही आपल्या बचावाने अडवले. पण माझ्या लक्षात राहिली त्यानंतरची पाच मिनिटं. चेंडू फेकायचं धाडस न करता, त्या मोडलेल्या भिंतीच्या मागून नुसतं धावून आपण घड्याळ संपवलं. मी स्वयंपाकघरातून बाहेर येऊन उभ्यानेच बघत होते.

नोव्हेंबरात सेंटर सेथ मॅकलॉफ्लिनलाही टाचेच्या शिरेच्या दुखापतीने गमावलं. इंडियानाला तरी ३८-१५ हरवलं.

आणि मग ३० नोव्हेंबर. मिशिगनच्या सामन्याच्या आठवड्यात कॅम्पसवरचं प्रत्येक 'एम' अक्षर लाल पट्टीने खोडलेलं असतं, हे तुम्ही पाहिलंय. मिशिगनचा संघ यंदा कमकुवत होता, अकरातले पाच सामने हरून आला होता. आपल्या घरच्या मैदानावर त्यांनी आपल्याला १३-१० हरवलं. सलग चौथ्या वर्षी. हॉवर्डने दोनदा चेंडू त्यांच्या हातात दिला, जेडन फील्डिंगच्या दोन किक हुकल्या. वर मिशिगनने मैदानात झेंडा रोवायला घेतला, मारामारी झाली, पोलिसांनी मिरपूड फवारली.

आमचा मुलगा त्या रात्री जेवला नाही. आणि मी ताटावर बसून आपल्या मुख्य प्रशिक्षकांबद्दल म्हणाले, "या रायन डेला आता काढायलाच हवं." माझ्यासारखे हजारो जण म्हणत होते. काहींनी तर त्यांच्या कुटुंबाला धमक्या दिल्या. रायन डे लहान असताना त्यांच्या वडिलांनी आत्महत्या केली होती. म्हणूनच त्यांनी आणि पत्नी नीना यांनी आपल्या गावच्या मुलांच्या हॉस्पिटलमध्ये मानसिक आरोग्यासाठी निधी उभा केला. हे मला माहीत होतं, तरी मी ते वाक्य बोलले. आज सगळ्यांसमोर ते परत घेते.

त्यानंतर खेळाडू आणि प्रशिक्षक एकत्र बसले आणि जे सलत होतं ते एकमेकांच्या तोंडावर बोलले. मिशिगनशी हरलो तरी राष्ट्रीय विजेतेपदाच्या बाद फेरीत जागा मिळाली होती. २१ डिसेंबरच्या गोठवणाऱ्या रात्री टेनेसीला ४२-१७ हरवलं. एक जानेवारीला रोझ बोलमध्ये त्याच ऑरेगनविरुद्ध ३४-० अशी आघाडी घेतली आणि ४१-२१ ने जिंकलो.

टेक्सासविरुद्धचा उपांत्य सामना मात्र सगळ्यांचा जीव काढणारा होता. शेवटची मिनिटं, टेक्सास आपल्या गोलरेषेपासून आठ यार्डांवर, चौथा प्रयत्न. जॅक सॉयरने त्यांचा क्वार्टरबॅक क्विन युअर्सच्या हातून चेंडू पाडला, उचलला आणि ८३ यार्ड धावत सुटला. युअर्स ओहायो स्टेटमध्ये असताना हे दोघे एका खोलीत राहत होते. सॉयर आपल्या पिकरिंग्टनचा. तीस नोव्हेंबरला तो झेंडा हिसकावून फाडणाराही हाच.

मग अंतिम सामना. अटलांटात नॉटर डेमविरुद्ध हॉवर्डचे पहिले तेरा पास एकामागून एक लागले. टीव्हीवर सगळे हॉवर्डचं कौतुक करत होते. मी डाव्या कडेला जॅक्सनकडे बघत होते. ३१-७ वरून त्यांनी ३१-२३ केलं तेव्हा खोलीत कोणी बोलेना. तिसरा प्रयत्न, अकरा यार्ड हवे होते. हॉवर्डने स्मिथकडे लांब टाकला, ५६ यार्ड! आणि २६ सेकंद उरले असताना शेवटची किक मारायला आला तोच फील्डिंग, मिशिगनविरुद्ध दोन हुकलेला. चेंडू खांबांच्या मधोमध गेला. ३४-२३.

मिशिगनला मात्र या मुलांनी हरवलं नाही ते नाहीच. ज्यासाठी थांबले ते राहूनच गेलं, ही हळहळ मला अजून आहे.

उद्या, २६ जानेवारीला, स्टेडियममध्ये संघाचा सत्कार आहे. सकाळी झेंडावंदन करून आम्ही निघतोय. गाडीत दोन जागा रिकाम्या आहेत, काकू, एक तुमची धरते. कानटोपी विसरू नका. पाठीवर ७४ आकडा असलेला मुलगा कुठे दिसला तर मला लगेच दाखवा.