शार्लट झ्वेरिन : टेबलावर गोष्ट शोधणारी संकलिका

नमस्कार श्रोतेहो. माहितीपट म्हटलं की निवेदकाचा धीरगंभीर आवाज आठवतो ना? मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजननं तो आपल्याला वर्षानुवर्षं ऐकवलाय. अमेरिकेत अल्बर्ट आणि डेव्हिड मेझल्स या भावांनी १९६० च्या दशकात तो आवाजच काढून टाकला. अल्बर्ट कॅमेऱ्यावर, डेव्हिड ध्वनीवर. पटकथा नाही, घडेल ते टिपायचं. मग गोष्ट कुठून येणार? ती शोधायची शार्लट झ्वेरिन यांनी, संकलनाच्या टेबलावर.

झ्वेरिनबाई मूळच्या डेट्रॉइटच्या. सीबीएस टीव्हीच्या एका माहितीपट मालिकेची फिल्म लायब्ररी सांभाळता सांभाळता त्या संकलनात शिरल्या.

१९६९ चा ‘सेल्समन’ घ्या. दारोदार बायबल विकणारे चौघे विक्रेते. आधी डेव्हिड आणि झ्वेरिन चौघांचीच गोष्ट जुळवत होते. फुटेज बघता बघता लक्षात आलं, गोष्ट एकट्या पॉल ब्रेननची आहे. त्याची विक्री होईनाशी झालीय. मग बाकीचे तिघे मागे सरकले. एक जागा मला फार आवडते. पॉल ट्रेननं शिकागोच्या मीटिंगला चाललाय, आणि त्या प्रवासावरच मीटिंगमधली भाषणं ऐकू येतात. प्रत्यक्षात हे एकाच वेळी घडलेलं नाही. कुणी याला लबाडी म्हणेल. मी नाही म्हणणार. निवेदन वर्ज्य असताना त्याच्या पोटातला गोळा दाखवायचा तरी कसा?

त्याच डिसेंबरात कॅलिफोर्नियात अल्टामॉन्टला रोलिंग स्टोन्स या रॉक बँडच्या कार्यक्रमात मेरेडिथ हंटर या तरुणाला स्टेजजवळच भोसकून मारलं गेलं. मेझल्स बंधूंच्या चमूच्या कॅमेऱ्यानं ते टिपलं होतं. पण काय घडलं ते जगाला आधीच ठाऊक! झ्वेरिन यांनी सुचवलं, बँडलाच हे फुटेज दाखवू आणि बघताना त्यांना टिपू. म्हणून १९७० च्या ‘गिमे शेल्टर’मध्ये बँडचा गायक मिक जॅगर संकलनाच्या टेबलाशी बसून तो प्रसंग मागं नेऊन पुन्हा बघतो, आणि आपण त्याचा चेहरा बघतो.

दोन्ही चित्रपटांवर मेझल्स बंधूंच्या बरोबरीनं दिग्दर्शक म्हणून झ्वेरिन यांचं नाव आहे. रास्तच आहे.

पुढे १९८८ मध्ये त्यांनी जॅझ पियानोवादक थेलोनियस मंक यांच्यावर माहितीपट केला. मंक १९८२ मध्येच गेले होते. पण दोन दशकांपूर्वी दुसऱ्याच कुणी चित्रित केलेली त्यांची चौदा तासांची रिळं हाती आली. नव्यानं चित्रित करायला माणूसच नाही, म्हणून संकलिकेचं काय अडतंय?