संदर्भ हवा

(दृश्य: फिरती तबकडी, लेबल जवळून)

एच. एम. व्ही.ची ही लाँग प्ले तबकडी, १९६० सालची. गायक उस्ताद अमीर खाँ. एका बाजूला राग मारवा, दुसरीला राग दरबारी. लेबलवरचा क्रमांक बघून ठेवा: ई. ए. एल. पी. १२५३.

(दृश्य: राजवाडा, संध्याकाळची गर्दी)

खाँसाहेब वाढले ते इथेच, इंदूरात. वडील शाहमीर खाँ सारंगिये होते. तेव्हा या तबकडीवर मराठी विकिपीडियात लेख असावा, असं इथल्या एका काकूंना वाटलं, यात नवल नाही. लेख त्यांनी आधी धूळपाटीवर, म्हणजे विकिपीडियातल्या कच्च्या लेखनाच्या पानावर लिहिला आणि मग दोघांना घरी बोलावलं. चुका काढायला!

(दृश्य: लॅपटॉपभोवती तिघं)

एक भाचा, विकिपीडियावर जुना. दुसरे शेजारचे तबलजी.

भाचा पान वर-खाली करतो. "मावशी, हा लेख तबकडीचा आहे की खाँसाहेबांचा?" १९६७चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार, १९७१चं पद्मभूषण, १९७४चा कलकत्त्यातला अपघाती मृत्यू, सगळं खरं; पण ते खाँसाहेबांच्या लेखात शोभतं. तबकडीवर म्हणाल तर जेमतेम चार ओळी. कंपनीचं नाव नाही. क्रमांक तर नाहीच.

(दृश्य: पडद्यावर कर्सर, शब्दामागून शब्द)

'स्वर्गीय'. 'अजरामर'. 'मंत्रमुग्ध करणारा'.

"असं कोण म्हणतं?"

"मी म्हणते ना!"

भाचा निमूटपणे पुढे विकिपीडियाची खूण टाकतो, पुरावा मागणारी: संदर्भ हवा.

(विराम. काकूंचा चेहरा.)

(दृश्य: तबलजींचा हात)

आता बघा, अंगठा बोटांच्या पेरांवरून सरकतोय. 'पिया मोरे अनत देस', मारव्यातला विलंबित ख्याल. लेखात नुसतं 'ठाय लयीत', म्हणजे संथ. तबलजींना ते पटत नाही. "झुमरा ताल आहे काकू, १४ मात्रांचा. तसं लिहा." लिहिलं. त्यालाही भाच्याचा आक्षेप: हे छापलंय कुठे? "अरे, कानाला ऐकू येतंय की!" विकिपीडियावर स्वतःचा कान पुरावा ठरत नाही, कव्हरवरचा मजकूर किंवा एखादं पुस्तक लागतं. जन्मभर ठेका धरलेल्या माणसाला हे ऐकवणं अवघड. तरी नियम योग्यच. नाहीतर ज्याचा आवाज मोठा त्याचा ताल खरा.

(दृश्य: तबकडीचं कव्हर, दिव्याखाली)

कव्हर स्कॅन करून टाकावं का? भारतात ध्वनिमुद्रणाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतर ६० वर्षांनी संपतो. चित्राची ६० वर्षं मात्र चित्रकाराच्या मृत्यूनंतर सुरू होतात. त्यामुळे कव्हर तूर्त बाजूलाच.

(दृश्य: खोडलेले परिच्छेद)

लेख निम्म्याहून कमी उरला. सुधारला.

(दृश्य: मराठी विकिपीडियाचं मुखपृष्ठ)

इंग्रजी विकिपीडियात अशा परीक्षणासाठी वेगळं पान आहे. तिथे विनंती ठेवली की अनोळखी माणूसही लेख वाचून सूचना देतो. मराठी विकिपीडिया १ मे २००३ पासून चालू आहे. लेख लिहिणारे थोडेबहुत मिळतात. दुसऱ्याचा लेख बारकाईने वाचणारे शोधावे लागतात, आणि बहुधा घरातच सापडतात. म्हणून काकूंनी चावडीवरही, म्हणजे विकिपीडियाच्या सामायिक चर्चेच्या पानावर, विनंती टाकली आहे. लेखाचं चर्चा पान उघडं आहे. मारवा कानात असलेल्यांनी जरूर यावं, येताना पुस्तकाचं नाव आणि पान क्रमांक घेऊन यावा.