घटोत्कच परत जेवायला बसला तर?

घटोत्कच एकटाच लग्नाच्या जेवणावर बसलाय. समोर लाडवांच्या राशी, ही मोठमोठी भांडी, आणि ती भांडी आपोआप सरकत त्याच्याकडं यायला लागतात, लाडू उडून तोंडात जातात, तो गडगडून हसतो, की परत लाडू. १९५७ चा पिक्चर आहे हा, मायाबाजार, के. व्ही. रेड्डींचा, आणि घटोत्कच झालेत एस. व्ही. रंगाराव. तेव्हा कॉम्प्युटर नाही, व्हीएफएक्स नाही, जे काय आहे ते कॅमेऱ्यात आणि कारागिरांच्या हातात.

आता तुम्ही म्हणाल तेलुगू पिक्चरचं सोलापुरात काय? तर अशोक चौकातनं कन्ना चौकाकडं चालत या एकदा. यंत्रमागाची खटखट आणि बोलणं निम्मं तेलुगू, निम्मं मराठी. पद्मशाली विणकर पिढ्यानपिढ्या इथं आहेत, नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाचा रथ निघतो तेव्हा बघा पूर्व भाग कसा भरतो. इथल्या कुठल्याही आजोबांना मायाबाजार म्हणून बघा, कामं बाजूला ठेवून गोष्ट सांगायला लागतात, आणि नातू मोबाईलवर त्याच लाडवाच्या गाण्याची क्लिप बघतोय. मग विषय निघतोच, असला पिक्चर आता परत काढावा का?

लगेच नको म्हणणारे खूप आहेत, जुन्याला हात लावू नका म्हणणारे. त्यांचं प्रेम खरं आहे, मला ते समजतं, पण ही गोष्ट तरी कुठं पहिल्यांदा १९५७ ला सांगितली गेली? बलरामाची मुलगी, तिचं अभिमन्यूशी ठरलेलं लग्न, पांडवांचं राज्य गेल्यावर फिरलेला शब्द, आणि मग घटोत्कचाची माया. तेलुगूत ती शशिरेखा, आपल्याकडं वत्सला नाहीतर सुरेखा. बाबूराव पेंटरांनी १९२१ लाच सुरेखा हरण काढला, मूकपट, त्यात व्ही. शांताराम कृष्ण झाले होते. आणि फाळक्यांचं बघा, १९१३ चा राजा हरिश्चंद्र त्यांनी स्वतःच १९१७ ला परत काढला, मग १९३२ ला बोलपट आला तर पहिला मराठी बोलपट कुठला, अयोध्येचा राजा, म्हणजे परत हरिश्चंद्रच! आपला सिनेमा असाच तीच गोष्ट नव्यानं सांगत मोठा झालाय.

त्यामुळं गोष्ट खुशाल घ्या. मला खटकतं ते दुसरंच.

२०१० ला मायाबाजार रंगीत करून परत थेटरात आणला, लांबीपण कमी केली. लोक गेले बघायला, चांगलंच झालं, नवीन पोरांनी बघितला. पण त्यातलं ते नावेतलं गाणं बघा, चांदण्यातलं. कॅमेरामन मार्कस बार्टली, त्यांनी ते चांदणं ब्लॅक अँड व्हाइटसाठी रचलंय, पाण्यावरची चमक, तोंडावरचा मऊ उजेड, सगळा खेळ पांढऱ्या, करड्या आणि काळ्याचा. त्याच्यावर नंतर रंग चढवायचा म्हणजे विणून झालेल्या चादरीवर बादलीनं रंग ओतल्यासारखं आहे. नवीन डिझाईन पाहिजे ना, मग नवीन सूत घ्या की, माग लावा, पहिल्यापासनं विणा.

आणि विणायला बसलात तर अवघड काय आहे ते ऐका. मूळ पिक्चरमध्ये एक पेटी आहे, प्रियदर्शिनी, झाकण उघडलं की आपल्या आवडीचं माणूस आत दिसतं. शशिरेखा ती उघडते आणि समोर अभिमन्यू. तेव्हा ती केवढी मोठी जादू वाटली असेल, आणि आज आमच्या शेजारची आजी रोज संध्याकाळी पुण्यातल्या नातवाशी तसंच बोलते, हातात फोन धरून. म्हणजे नवीन मायाबाजार काढणाऱ्याला ती पेटी तशीच्या तशी चालणार नाही, आजच्या पोराचा आ वासेल असं काहीतरी त्याला स्वतः शोधावं लागेल, आणि ते जमत नसेल तर रीमेक कशासाठी, नुसतं ग्राफिक्स भारी केलं म्हणून?

अजून एक, आणि माझ्यासाठी हेच सगळ्यात मोठं. घटोत्कच शशिरेखेचं रूप घेऊन लग्नमंडपात जातो, म्हणजे पडद्यावर नटी सावित्री आहे, पण आत राक्षस आहे. नाजूक साडीतली नवरी, आणि मधेच खांदे ताठ होतात, चाल बदलते, नवऱ्या मुलाचा, म्हणजे दुर्योधनाच्या पोराचा, हात असा दाबते की तो कळवळतो, आणि कुणी वळून बघितलं की परत लाजते. एका शॉटमध्ये दोन माणसं. याला कुठलंही सॉफ्टवेअर लागलेलं नाही. आपल्या झपाटलेलाचंपण तसंच, १९९३ चा तात्या विंचू २०१३ ला थ्रीडीत परत आला, रीमेक नव्हे, पुढचा भाग, बाहुला होता, मंत्र होता, पण लक्ष्या तोवर आपल्यातनं गेला होता आणि ती जागा रिकामी राहिली ती राहिलीच.

म्हणून आमचं सरळ मागणं आहे. आधी तो जुना, ब्लॅक अँड व्हाइट, न कापलेला मायाबाजार सोलापुरातल्या मोठ्या पडद्यावर लावा, खाली मराठी सबटायटल टाका, पूर्व भागातल्या शाळांची पोरं आणा, आजोबांना पुढच्या खुर्च्या द्या. त्यानंतर कुणाला नवीन काढायचा असेल तर जरूर काढा, आम्ही पहिल्या दिवशी तिकीट काढू, फक्त वत्सलेचा रोल कोण करणार ते आधी ठरवा, व्हीएफएक्सचं बजेट मग बघू.