नाव बरोबर, फाइल चुकीची: प्लेस्टेशनचा बायोस कसा तपासायचा?

(स्क्रीनवर काळी विंडो)

नमस्कार मंडळी! इम्युलेटर (कन्सोलची नक्कल करून त्याचे गेम कॉम्प्युटरवर चालवणारा प्रोग्रॅम) टाकला, गेम लावला आणि स्क्रीन काळीच राहिली. अशा वेळी बरेचजण गेमच्या फाइलला दोष देतात. आधी बायोस बघा.

बायोस म्हणजे कन्सोलच्या बोर्डवरच्या रॉम चिपमधला प्रोग्रॅम. लोगो दाखवला, गेम सुरू केला की त्याचं काम संपलं असं वाटतं, पण तसं नाही. मेमरी कार्डवर सेव्ह लिहिणं, कंट्रोलर वाचणं अशी कामं कित्येक गेम त्याच्याकडूनच करून घेतात. सेगाच्या मेगा ड्राइव्ह या कन्सोलचा प्रोसेसर मात्र कोड थेट कार्ट्रिजमधून वाचतो, तिथे ही भानगड नाही.

(रेट्रोआर्च उघडून. हा बऱ्याच इम्युलेटरांना एकत्र आणणारा प्रोग्रॅम; त्यातल्या प्रत्येक इम्युलेटरला 'कोअर' म्हणतात)

बीटल पीएसएक्स या प्लेस्टेशनच्या कोअरला मुख्यतः तीन फाइली लागतात: एससीपीएच ५५०० जपानसाठी, ५५०१ अमेरिकेसाठी, ५५०२ युरोपसाठी. गेम ज्या रीजनचा, त्याच रीजनची फाइल हवी. हे आकडे आले कुठून? रविवारी जुन्या बाजारात एखादा प्लेस्टेशन दिसला तर उलटा करून लेबल वाचा, तिथे असाच मॉडेल नंबर छापलेला असतो. बायोसवर सोनीचा कॉपीराइट आहे, त्यामुळे डाउनलोडची लिंक आम्ही देणार नाही. स्वतःच्या कन्सोलमधून काढलेला बायोसच वापरा.

फाइल थेट 'सिस्टिम' फोल्डरमध्ये ठेवा, आत आणखी फोल्डर करू नका. नाव सगळं लहान लिपीत, 'एससीपीएच५५०१ डॉट बिन' असं. लिनक्सवर 'एस' मोठा पडला तरी फाइल सापडत नाही. विंडोज एक्स्टेन्शन लपवतं, त्यामुळे नाव बदलताना शेवटी 'डॉट बिन डॉट बिन' होऊन बसतं. एक्स्टेन्शन दिसायची सेटिंग आधी चालू करा.

आता 'कोअर इन्फॉर्मेशन'मध्ये फाइल 'प्रेझेंट' दिसेल. यावर विसंबू नका! त्या नावाची फाइल जागेवर आहे, एवढंच ते सांगतं. आत काय आहे ते आपणच तपासायचं. प्रॉपर्टीजमध्ये साइज नेमकी ५,२४,२८८ बाइट्स हवी. एक बाइट कमी असली तरी ती फाइल बाद. मग एमडी५ हॅश, म्हणजे फाइलच्या आतल्या मजकुरावरून निघणारा ठसा, काढा: विंडोजवर 'सर्टयुटिल', लिनक्सवर 'एमडी५सम'. ५५०१ चा हॅश '४९०एफ६६६'पासून सुरू होतो. पण सुरुवात जुळली म्हणून थांबू नका, सगळी ३२ अक्षरं ताडून पाहा.

प्लेस्टेशनची बिन फाइल सुटी ठेवायची, पण निओ जिओ या कन्सोलचं उलट आहे. तिथली झिप फाइल उघडायची नाही, तशीच ठेवायची.

पीसीएसएक्स रीआर्म्ड हा प्लेस्टेशनचाच दुसरा कोअर बायोसशिवायही चालतो, कारण बायोसची कामं तो स्वतः नक्कल करून भागवतो. पण काही गेम मध्येच अडकतात. तुम्ही तसं खेळत असाल आणि आता खरा बायोस टाकणार असाल, तर आधी गेममधूनच मेमरी कार्डवर सेव्ह करा. सेव्ह स्टेटमध्ये, म्हणजे इम्युलेटरनं त्या क्षणाची जपून ठेवलेल्या स्थितीत, कन्सोलची २ एमबी रॅम जशीच्या तशी उतरते, आणि त्यातले पहिले ६४ केबी बायोसचेच असतात. जुन्या स्टेटवर नवा बायोस लावलात तर दोघांचं जमेलच असं नाही.